न वाजताच उचललेला फोन

१

बरेच दिवस वाट पाहूनही वेधशाळेचं बोलावणं येईना, तेव्हा ताईनं स्वतःच फोन लावायचं ठरवलं. लावण्याआधी तिनं केस विंचरले आणि बाह्या सारख्या केल्या.

“अगं, त्यांना तू दिसणार नाहीयेस,” धाकटी म्हणाली.

“मला दिसते ना मी,” ताई म्हणाली आणि नंबर दाबायला लागली.

आई हात पुसत स्वयंपाकघराच्या दारात येऊन उभी राहिली. बाबांनी वर्तमानपत्र चेहऱ्यासमोर धरलं होतं, पण पान काही उलटत नव्हतं. ताई आधी हसून बोलली, मग नुसतंच “हो, हो” म्हणाली, आणि मग तिचा आवाज एकदम खाली गेला.

“कोण म्हणालं असं?... नाही हो साहेब. नंबर पुन्हा सांगा बघू... हो, हाच. आमचाच.”

फोन टेबलावर ठेवून ती खुर्चीत बसली. 

“मंगळवारी दुपारी त्यांनी फोन केला होता,” ती म्हणाली. “आपल्याकडे कुणीतरी उचलला. त्यांनी माझं नाव घेऊन विचारलं. तर तो माणूस म्हणाला, ‘ती आता इथे नाही. सोडून गेली. परत काही येणार नाही, तुम्ही दुसरं कुणीतरी बघा.’”

“माणूस?” आईनं विचारलं.

“पुरुषाचा आवाज. वयस्कर. अगदी शांतपणे बोलला म्हणे.”

घरात पुरुष एकच. सगळ्यांचे डोळे वर्तमानपत्राकडे वळले. वर्तमानपत्र हळूच खाली आलं.

“मी फोन उचललेला नाही,” बाबा म्हणाले.

“साहेब म्हणतात, मागच्या सहायकाला घरच्यांनी असंच मध्येच परत नेलं. घरातच विरोध असेल तर पुन्हा तो घोळ नको. कोण बोललं आणि का बोललं ते उद्या संध्याकाळपर्यंत सांगायचं, नाहीतर ते दुसऱ्या मुलीला बोलावणार.” ताईनं बाबांकडे पाहिलं. “तुम्हाला मी जायला नको होते ना? मग मला तोंडावर सांगायचं होतंत.”

“ते मी तोंडावरच सांगितलंय. रोज सांगतोय. पण फोन मी उचललेला नाही.”

ताई आतल्या खोलीत गेली आणि तिनं दार लावलं. आपटलं नाही, नुसतं लावलं. ते जास्त वाईट होतं.

धाकटीनं फोन हातात घेतला. आलेल्या कॉलची नोंद उघडली आणि मागे मागे जात मंगळवारपर्यंत पोचली. सकाळी मावशीचा फोन होता, रात्री मामाचा होता. मधली दुपार कोरी होती.

फोन वाजलाच नव्हता. आणि तरी तो कुणीतरी उचलला होता.

२

धाकटीच्या हातात नुकतीच भौतिकशास्त्राची पदवी पडली होती आणि तिचं करायचं काय हे अजून ठरलेलं नव्हतं. त्यामुळे घरात काहीही बिनसलं, की ती त्याला प्रयोग समजून भिडायची. गेल्या महिन्यात नळ का गुरगुरतो याचा छडा लावताना तिनं न्हाणीघर पार भिजवून टाकलं होतं.

इथे गोष्ट नळाची नव्हती. शहरातला फोटोस्टुडिओ बंद होईपर्यंत ताई तिथे फोटो दुरुस्त करायची. चेहऱ्यावरचे डाग, जुन्या फोटोंवरच्या चिरा, धुळीचा एवढासा कण, सगळं तिला दिसायचं. लोक आपापल्या मोबाईलवर फोटो काढू लागले आणि स्टुडिओला कुलूप लागलं. मग वेधशाळेची जाहिरात आली. डोंगरावर राहून आकाशाचे फोटो तपासायचे, त्यात कुठला ठिपका तारा आणि कुठला नुसताच डाग ते ओळखायचं. ती जाहिरात वाचून ताई म्हणाली होती, “हे तर मी आयुष्यभर करतेय.”

घरात मोबाईल एकच. तो आला तेव्हा टेबलावरचा जुना फोन परत करून टाकला. ताईला अर्ज पाठवता यावेत म्हणून त्यावर इंटरनेटही घेतलं होतं. बोलावणं सकाळच्या वेळी येईल, असं वेधशाळेच्या कार्यालयानं आधी कळवलं होतं. म्हणून सकाळभर सगळे त्या फोनभोवती पहारा द्यायचे आणि जेवणं झाली की पांगायचे. मंगळवारी दुपारी ताई वाचनालयात होती, धाकटी शिकवणीच्या मुलांना गणित शिकवत होती, आणि घरात आई-बाबा दोघंच होते.

“बाबा, तुमचा जबाब घ्यायचाय,” धाकटी म्हणाली.

“घे. इन्स्पेक्टरला चहा द्या कुणीतरी.”

“मंगळवारी दुपारी फोन कुठे होता?”

“खिडकीत. तिथे रेंज चांगली येते.”

“वाजला?”

“नाही.”

“कुणी हात लावला?”

बाबांनी चष्मा काढून पुसला. “फोन काय, कुणीही इकडचा तिकडे ठेवतं.”

“त्यातली नोंद कुणी पुसली असेल?”

“ते मला काय विचारतेस? मेसेज आला तर मी तुलाच हाक मारतो ना वाचायला?”

हे खरं होतं. बाबा सिनेमा थिएटरात प्रोजेक्टर चालवायचे, पडदाभर चित्र दाखवण्यात त्यांची हयात गेली होती, आणि मोबाईल हा प्रकार त्यांना मुळातच पटत नव्हता. लोक त्यावर सिनेमा बघायला लागले तेव्हा तर त्यांनी हायच खाल्ली. ‘काडेपेटीवरचा सिनेमा’ म्हणायचे त्याला. हल्ली प्रेक्षक नाहीत म्हणून दुपारचा खेळ बंद झाला होता, त्याचा रागही त्या काडेपेटीवरच निघायचा.

“शेवटचा प्रश्न,” धाकटी म्हणाली. “ताईनं जाऊ नये असं वाटतं तुम्हाला?”

“वाटतं,” बाबा म्हणाले. “पण मी उचलला नाही फोन. आणि तिनं माझ्यावर विश्वास ठेवला नाही, हे मला जास्त लागलंय.”

खोटं बोलताना बाबांचे कान लाल होतात, हे घरात सगळ्यांना ठाऊक होतं. धाकटीनं नीट पाहिलं. कान होते तसेच होते.

मग फोनवर शांतपणे बोलणारा तो म्हातारा होता तरी कोण?

३

आईचा जबाब स्वयंपाकघरात झाला, कारण आई हातातलं काम टाकून कुणालाच जबाब देत नसे.

“मी झोपले होते,” ती म्हणाली. “आणि तुझ्या बाबांवर संशय घेऊ नकोस. त्यांना खोटं बोलता येत असतं तर माझ्या माहेरी ते जास्त आवडले असते.”

“तू झोपलीस तेव्हा बाबा कुठे होते?”

“खिडकीशी. हल्ली दुपारचे आडवे होतच नाहीत. खुर्ची टाकून बसतात आणि मधून मधून दचकून उठतात. म्हटलं, दुपारचा खेळ गेला, पण सवय गेली नाही माणसाची.”

“आणि फोन? त्याच्यात काही वेगळं वाटलं?”

आई थांबली. “तापलेला असतो. दुपारी उचलून आत आणायला जावं, तर हाताला चटका लागेल इतका. आणि रोज संध्याकाळी चार्जिंग संपलेलं. बोलत तर कुणी नाही त्याच्यावर. मला वाटलं, जुना झाला.”

“आणखी?”

“तो बाण.”

“कसला बाण?”

“मंगळवारी पाणी प्यायला उठले तेव्हा बघितला. कोपऱ्यात एवढासा, वाकडा बाण. म्हटलं मेसेज आला असेल, तू आल्यावर बघशील. संध्याकाळी पाहते तर गायब.”

धाकटीनं फोन काढून आईसमोर धरला. पडद्याच्या कोपऱ्यात रेंजच्या काड्या होत्या, बॅटरी होती. बाण नव्हता.

“आणि हो,” आई म्हणाली, “तुझी मावशी रुसलीय. म्हणते, दुपारी फोन करते तर नुसता वाजत राहतो, कुणी उचलत नाही. मी म्हटलं, बाई, इथे काही वाजत नाही. तर म्हणाली, मग मी काय बहिरी आहे का?”

धाकटी हातातला फोन तसाच धरून उभी राहिली.

“काय झालं ग?”

“आई, मावशीला रिंग ऐकू येते. म्हणजे कुठलातरी फोन वाजतो.”

“मग?”

“मग तो आपला नाही.”

४

मामाचं मोबाईलचं दुकान इतकं अरुंद होतं, की गिऱ्हाईक आत आलं की मामाला श्वास रोखून धरावा लागे. काउंटरवर एक कॉम्प्युटर, त्याला लटकणारा कार्ड रीडर, आणि समोर कायम गर्दी. लोक फोनमधलं नखाएवढं मेमरी कार्ड काढून द्यायचे. मामा त्यात सिनेमे भरून द्यायचा. चित्र इतकं बारीक, की मारामारीत कोण कुणाला मारतोय ते आवाजावरून ओळखावं लागायचं. तरी माणसं ते कार्ड छातीशी धरून घरी न्यायची. सिनेमा खिशात मावतो, याचंच त्यांना कोण अप्रूप.

मामा जगातली प्रत्येक गोष्ट एमबीत मोजायचा, म्हणून त्याला सगळे एमबी मामा म्हणत.

“मामा, फोनच्या कोपऱ्यात वाकडा बाण येतो, तो कशाचा?”

“कॉल डायव्हर्ट,” मामा मान वर न करता म्हणाला. “तुझे येणारे फोन दुसऱ्या नंबरवर वळवलेत, असा त्याचा अर्थ. तुझा फोन ढिम्म. वाजणार नाही, नोंदही होणार नाही. फोन वाजणार तिकडे, जिकडे वळवलाय.”

“असं कोण कशाला करेल?”

“कशाला म्हणजे? डाउनलोड!” आता मामा खुलला. “मोबाईलवरून सिनेमा उतरवायचा म्हणजे थट्टा नाही. तुकड्या-तुकड्यांनी येतो. एक तुकडा यायला चहा होऊन भांडी घासून होतात. आणि सगळं होत आलं, शेवटच्या एमबीवर आलं, की नेमका कुणाचा तरी फोन येतो. जेवलास का? झालं! इंटरनेट तुटलं. पुन्हा पहिल्यापासून. म्हणून शहाणा माणूस आधी फोन वळवतो, मग डाउनलोड लावतो.”

“कुठे वळवतो?”

“तिथेच तर अक्कल लागते. बंद मोबाईलवर वळवलास, तर समोरच्याला ती बाई सांगते, हा फोन बंद आहे. मग घरी बोंब. म्हणून असा नंबर शोधायचा, जो वाजतो पण उचलायला कुणी नसतं. मी माझ्या गोदामावर वळवतो. समोरच्याला वाटतं, कामात असेल.” मामानं डोळा मारला. “माझा शोध आहे हा.”

“तू हे कुणाकुणाला शिकवलंस?”

“कुणाला नाही ते विचार. काउंटरवर उभा राहून गळा फाडून सांगतो मी. तुझे बाबा रोज संध्याकाळच्या खेळाआधी इथे येतात, काडेपेटीवरचा सिनेमा म्हणून माझा उद्धार करतात, त्यांनासुद्धा तोंडपाठ झालं असेल.” तो हसता हसता थांबला. “पण तुमच्या घरात डाउनलोड कोण करणार? मी फुकट भरून देतो की. तुझी आई, आमची अक्का, तर दर आठवड्याला कार्ड पाठवते. ताईनं मागितलं, दिलं. तू मागितलंस, दिलं.”

धाकटीच्या मनात दोन प्रश्न राहिले. फोन कुठे वळवला होता? आणि मामाकडे सिनेमा फुकट मिळत असताना, तो चोरून उतरवण्याची वेळ कुणावर आली होती?

दुसऱ्याचं उत्तर तिला त्याच क्षणी सुचलं, आणि तिनं ते मनातल्या मनात मागे ढकललं. आधी पहिला प्रश्न.

५

दुकानाबाहेर पायरीवर बसून ती त्या माणसाचं बोलणं पुन्हा पुन्हा घोळवत राहिली. ती आता इथे नाही. सोडून गेली. परत येणार नाही. दुसरं कुणीतरी बघा.

आत्तापर्यंत सगळ्यांनी हे खोटं धरलं होतं. खोटं म्हणजे खोटारडा, आणि खोटारडा म्हणजे बाबा. पण प्रयोगशाळेत एखादं माप भलतंच आलं, की तिचे सर म्हणायचे, “लगेच खोडू नका. हे माप बरोबर असेल, तर जग कसं असावं लागेल, ते आधी सांगा.”

समजा, तो म्हातारा खरं बोलत होता.

मग अशी जागा हवी, जिथे ताई एकेकाळी असायची. जिथून ती सोडून गेली. जिथे तिला विचारत लोक फोन करायचे, आणि ती नसली तर दुसरं कुणीतरी त्यांना बघावं लागायचं. जिथला फोन अजून जिवंत होता, पण उचलायला कुणी नसायचं. आणि जिथला नंबर घरातल्या सगळ्यांना झोपेतही म्हणून दाखवता आला असता, कारण ताईला उशीर झाला की तो रोज लावला जायचा.

ती उठून पुन्हा दुकानात घुसली. “मामा, तुझा फोन दे.”

“अगं, गिऱ्हाईक…”

तिनं नंबर लावला. रिंग जात राहिली, जात राहिली. बंद दुकानात वाजणारा फोन पलीकडून कसा पोकळ ऐकू येतो, हे तिला आज पहिल्यांदा कळलं. ती ठेवणारच होती, तेवढ्यात पलीकडे काहीतरी खुडबुडलं आणि एक वयस्कर, शांत आवाज म्हणाला,

“हॅलो? नाही हो, स्टुडिओ बंद झाला. आता इथे कुणी नसतं.”

६

धाकटी पोचली तेव्हा स्टुडिओचे मालक फोटोवाले काका सामान बांधत होते. भिंतीवरचा ढगांचा पडदा गुंडाळून उभा केला होता, दिवे मान टाकून कोपऱ्यात ठेवले होते, आणि ज्या स्टुलावर बसून सगळ्या शहरानं हनुवटी वर केली होती, त्यावर आता चिकटपट्टीचं रीळ होतं.

“जागा सोडायचीय,” ते म्हणाले. “म्हणून मधून मधून येतो. मंगळवारी आलो होतो, हो. फोन आला होता. कुणीतरी तुझ्या ताईचं नाव घेतलं. मला वाटलं, कुणाचा तरी जुना फोटो असेल. तिच्या हातचंच काम हवं म्हणणारे पुष्कळ होते ना. मी सांगून टाकलं, ती सोडून गेली.” त्यांचा चेहरा उतरला. “का ग? काय झालं?”

धाकटीनं सांगितलं. काका स्टुलावरची चिकटपट्टी न काढताच त्यावर बसले.

“म्हणजे तिची नोकरी मी घालवली.”

“तुम्ही खरं तेच बोललात, काका.”

“ते खरं, पण…” त्यांनी खालून चिकटपट्टीचं रीळ ओढून काढलं. “उद्या मी येतो. त्या साहेबांना माझाच आवाज ऐकवा. म्हातारा असला तरी ओळखू येण्यासारखा आहे.”

तिथून धाकटी थेट थिएटरात गेली. संध्याकाळचा खेळ सुरू झाला होता. प्रोजेक्टरच्या खोलीकडे जाणारा लोखंडी जिना ती लहानपणापासून डोळे मिटून चढू शकायची. आत यंत्र घरघरत होतं, गरम धुळीचा वास होता, आणि भिंतीतल्या छोट्या खिडकीतून उजेडाचा झोत खालच्या रिकाम्या खुर्च्यांवरून पडद्याकडे चालला होता. बाबा उभे होते. एक हात यंत्रावर. यंत्र चालू असताना ते कधीच बसत नसत. रीळ संपत आलं की ते त्यांना पायातून कळायचं म्हणे.

दुपारी खिडकीशी दचकून उठणारा माणूस असा होता तर. एक तुकडा संपला, की दुसरा लावायला.

“बाबा,” ती म्हणाली, “कार्ड कुठंय?”

बाबांनी वळून पाहिलं नाही. पण यंत्राच्या उजेडात त्यांचे कान लाल झालेले स्पष्ट दिसले.

“कसलं कार्ड?”

“सिनेमाचं. आई मामाकडून भरून घेते, ताई घेते, मी घेते. मामाकडे मागायची लाज वाटावी असा माणूस घरात एकच आहे. दोन वर्षं जो त्याला हसतोय तो.”

बाबांनी चष्म्याचं घर उघडलं. चष्मा पुसायच्या फडक्याच्या घडीत ते कार्ड होतं.

“आता हसून घे,” ते म्हणाले.

धाकटी हसली नाही. “कुठला सिनेमा?”

“जुना आहे. आपल्याकडे खूप चालला होता. तुझा जन्मही झाला नव्हता. तुझ्या ताईला तेव्हा घरी ठेवायला कुणी नसायचं, म्हणून मी इथे घेऊन यायचो. ती या खिडकीतून बघायची. या खोलीतला भोंगा तेव्हाही बिघडलेलाच. नुसतं चित्र दिसायचं, आवाज नाही. घरी जाताना मला विचारायची, बाबा, ती बाई काय म्हणाली? तो का रडला? मी आपलं काहीही ठोकून द्यायचो. मला तरी कुठे ऐकू यायचं?” ते थांबले. “आता डोंगरावर एकटी बसणार. तिथे ना टीव्ही, ना रेंज. म्हटलं, निदान ती बाई काय म्हणाली, ते तरी एकदाचं कळू दे पोरीला.”

“म्हणजे ती जाणार, हे तुम्ही धरूनच चालला होतात?”

“ती जाणारच. आकाशातला डाग शोधायला तिच्यासारखा डोळा आहे कुणाचा?” बाबांनी यंत्राकडे बघतच विचारलं, “पण त्या मंगळवारच्या फोनशी याचा काय संबंध? मी फोन फक्त दुपारचा वळवायचो. बोलावणं सकाळी येणार होतं. आणि तिकडे तर कुलूप आहे, उचलणार कोण?”

धाकटीनं त्यांना सांगितलं. सांगताना तिनं पडद्याकडे पाहिलं, बाबांकडे नाही.

 मग बाबांचा हात यंत्रावरून खाली आला.

“म्हणजे,” ते म्हणाले, “तिची नोकरी खरंच मीच घालवली.”

७

दुसऱ्या दिवशी सकाळी टेबलाभोवती सगळे जमले. काका इस्त्रीचा शर्ट घालून आले होते. मामा दुकान उघडायचं टाकून आला होता, कारण अक्कानं बोलावलं होतं आणि चहा होता. ताई बाबांच्या समोरची खुर्ची सोडून कोपऱ्यातल्या वेताच्या मोड्यावर बसली होती.

धाकटीनं काकांना बोलायला लावलं. काकांनी मंगळवारच्या फोनची हकीकत सांगितली. ऐकता ऐकता ताईची मान वर आली. तिनं काकांकडे पाहिलं, मग बाबांकडे. बाबा टेबलावरचा ओरखडा बोटानं घासत होते.

“पण काकांकडे फोन गेला कसा?” ताईनं विचारलं.

“ते तांत्रिक आहे,” धाकटी म्हणाली. रात्रभर जुळवून ठेवलं होतं तिनं. “नेटवर्कमध्ये कधी कधी…”

“तू गप्प बस,” बाबा म्हणाले. “फोन लाव साहेबांना. स्पीकरवर.”

साहेबांनी काकांचा आवाज लगेच ओळखला. “हो, हेच गृहस्थ,” ते म्हणाले. “पण मी तर मुलीच्या घरच्या नंबरवर फोन केला होता. तो तुमच्या दुकानात कसा आला?”

काकांनी धाकटीकडे पाहिलं. धाकटीनं तोंड उघडलं. बाबांनी हात पुढे करून फोन स्वतःकडे ओढला आणि प्रोजेक्टरच्या खोलीतून खाली थिएटरात हाक मारावी, तशा आवाजात म्हणाले,

“मी मुलीचा बाप. मी मोबाईलवर सिनेमा उतरवत होतो.”

मामाला चहाचा ठसका लागला. आईनं त्याच्या पाठीत एक रट्टा दिला, तो ठसक्यासाठी होता की हसण्यासाठी, ते कळलं नाही.

“मध्ये कुणाचा फोन आला की तो तुटतो,” बाबा ओरडूनच पुढे म्हणाले. “म्हणून मी फोन या स्टुडिओवर वळवला. मला वाटलं, तिथे कुणी नसतं. मुलीचा यात काही दोष नाही. सिनेमासुद्धा तिच्यासाठीच होता.”

“भावोजी,” मामा कसाबसा म्हणाला, “किती एमबीचा?”

“तू गप रे!” आई म्हणाली.

ताई मोड्यावरून उठली होती.  बाबांच्या खुर्चीमागे येऊन उभी राहिली आणि तिनं त्यांच्या खांद्यावर हात ठेवला. बाबांचे कान आता लाजेनं असे लाल झाले होते, की त्यांच्याकडे बघवत नव्हतं.

पलीकडे साहेब खोकले. ते हसू दाबत होते की खरंच खोकत होते, कोण जाणे. “ठीक आहे. मग एवढंच विचारतो. घरचा विरोध नाही, असं मी समजू ना?”

खोलीत सगळे बाबांकडे बघायला लागले. एका शब्दाचं काम होतं. धाकटी ओठांनी तो शब्द त्यांना दाखवतसुद्धा होती.

“विरोध आहे,” बाबा म्हणाले.

ताईचा हात खांद्यावरच थांबला.

“माझा आहे. एवढ्या लांब, थंडीत, एकटीनं राहायचं, मला पसंत नाही. हे मी तिला रोज सांगतो आणि पुढेही सांगणार. ती तिथे आली तरी पत्रातून सांगणार.” त्यांनी घसा साफ केला. “पण मी तिला परत न्यायला येणार नाही. पोचवायला येईन. तुम्ही फक्त दिवस सांगा.”

 मग साहेबांनी काहीतरी सांगितलं, पण तेवढ्यात आईनं मोठ्यानं नाक ओढलं आणि कुणालाच ते नीट ऐकू आलं नाही. बाबांनी स्पीकर बंद करून फोन कानाला लावला. “हो,” ते म्हणाले. “सोमवारी. हो. हो.”

मग फोनवर हात ठेवून ते मागे वळले आणि मान वर करून ताईकडे पाहिलं.

“स्वेटर घेऊन ये म्हणतायत,” ते म्हणाले, आणि जरा थांबून, साहेबांनी न सांगितलेलं त्यात घातलं, “दोन.”